हरवलेली फीत आणि उरलेले शीर्षक

रँग्लर र. पु. परांजपे १९०१ च्या डिसेंबरात केंब्रिजहून मायदेशी परतले, तेव्हा मुंबईत झालेल्या त्यांच्या स्वागताचे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी चित्रण केले. भारतातील पहिला वार्तापट म्हणून त्याची नोंद होते. आज फीत उपलब्ध नाही. उरले आहे ते शीर्षक. म्हणजे इतिहासकार ज्याला चित्रसंहिता समजून वाचतो, ते वस्तुतः तिचे नामकरण असते. काही सूचींत परांजप्यांच्या नावामागे ‘सर’ आढळते. तो किताब त्यांना मिळाला १९४२ साली! उत्तरकाळाचा हात शीर्षकावरून फिरला आहे, एवढे यावरून उघड व्हावे.

‘पहिला वार्तापट’ या बिरुदात राष्ट्रीय जागृतीचा आरंभ शोधण्याचा मोह असतो. १८९९ साली सीनिअर रँग्लर होऊन परांजप्यांनी राज्यकर्त्यांना त्यांच्याच परीक्षेत मागे टाकले होते. परंतु परीक्षा त्यांचीच होती, हेही विसरता येत नाही. गौरवातील ही द्विधा सभेतील भाषणांतून व्यक्त होऊ शके. मूक फितीला भाषण ऐकू येत नाही. तिचा अर्थ पडद्याबाहेर, प्रेक्षकाच्या पूर्वज्ञानात आणि खेळाच्या जाहिरातीत राहतो. याच सुमारास सावेदादांनी सर मंचरजी भावनगरी यांच्या आगमनाचेही चित्रण केले. भावनगरी ब्रिटिश संसदेतील हुजूर पक्षाचे सभासद. राष्ट्रीय सभेच्या अनेक पुरस्कर्त्यांना त्यांचे राजकारण मुळीच मानवणारे नव्हते. नावे झाकली, तर या दोन फिती कोणत्या खुणेने वेगळ्या ओळखायच्या? पुढे १९०३ चा कर्झनचा दिल्ली दरबारही याच छायाचित्रकाराने टिपला. या क्रमात राष्ट्रवादी हेतू शोधणे मला ओढूनताणून केलेले वाटते. ‘लोक जमले आहेत’ हीच येथे बातमी होती, आणि गर्दी कोणासाठी हा भेद कॅमेऱ्याच्या दृष्टीने दुय्यम होता.

कलकत्त्याच्या हीरालाल सेन यांच्या १९०५ च्या चित्रणाशी तुलना केली म्हणजे फरक ध्यानी येतो. टाऊन हॉलवरील त्या सभेच्या फितीच्या शीर्षकातच वंगभंगविरोध आणि स्वदेशी हे शब्द होते. भूमिका शब्दानेच घ्यावी लागली. सेन यांच्या फिती १९१७ च्या आगीत जळाल्या. तेथेही आपल्या हाती शीर्षकच आहे, मात्र ते त्याच काळाचे आहे.