सुईची दिशा आणि रुग्णाचा स्वर : शिरामार्गाच्या इतिहासातील कथनरूपे

मनुष्यदेहातील शीर भेदण्याची क्रिया फार प्राचीन आहे. मात्र तिची दिशा गेल्या साडेतीनशे वर्षांत उलटली. पूर्वी शीर भेदली जाई ती देहातील दूषित द्रव्य बाहेर काढण्यासाठी. आज ती भेदली जाते ती पाणी, मीठ, औषध वा रक्त आत सोडण्यासाठी. वैद्यकाच्या इतिहासात या परिवर्तनाची नोंद उपकरणांच्या क्रमाने केली जाते. साहित्याच्या तौलनिक अभ्यासकाला मात्र त्यात आणखी एक प्रश्न दिसतो. ही क्रिया ज्या ग्रंथांतून, पत्रांतून, रोजनिशींतून आणि अहवालांतून आपल्यापर्यंत पोहोचली, त्यांत ज्याच्या देहात सुई शिरली त्याचे बोलणे कितपत उरले आहे?

या परंपरेतील एक आरंभबिंदू म्हणून सुश्रुतसंहितेचा विचार करावा लागतो. तिच्या शारीरस्थानातील आठवा अध्याय सिराव्यधविधीला वाहिलेला आहे. त्याआधीच्या अध्यायात सातशे सिरा सांगून त्यांपैकी अठ्ठ्याण्णव अवेध्य ठरविल्या आहेत. मांसल भागासाठी व्रीहिमुख आणि अस्थीवरील सिरेसाठी कुठारिका अशी शस्त्रे नेमून दिली आहेत. चुकीच्या वेधाचे वीस प्रकार मोजले असून त्यांत अतिविद्धा, तिर्यग्विद्धा, पुनःपुनर्विद्धा अशी नावे येतात. शिर सापडेना म्हणून एकाच हातावर तीनदा टोचून घेतलेल्या आजच्या रुग्णालाही यांतील शेवटची संज्ञा परकी वाटू नये. सूत्रस्थानात शिष्याने वेधनाचा सराव मृत पशूंच्या सिरांवर आणि कमळाच्या देठांवर करावा, असे सांगितले आहे. परिचर्या महाविद्यालयांत आज रबरी हातावर जो सराव होतो, त्याचे हे पूर्वरूपच होय.

या अध्यायातील सर्वांत लक्षणीय भाग म्हणजे ग्रंथकाराने दिलेली कबुली. सिरा स्वभावतःच चंचल असून माशाप्रमाणे उलटतात, म्हणून या कामात पूर्ण निष्णात असा कोणी नसतो, असा त्या श्लोकाचा आशय आहे. शास्त्रग्रंथाच्या आज्ञार्थक शैलीत ही नम्रता अनपेक्षित ठरते. रुग्ण मात्र येथे वर्गीकरणापुरता उपस्थित आहे. ज्यांचा सिराव्यध करू नये त्यांच्या यादीत बालक, वृद्ध, क्षीण यांच्याबरोबर भित्रा मनुष्यही येतो. त्याच्या भीतीची दखल शास्त्राने घेतली आहे. ती भीती त्याच्याच शब्दांत सांगण्याला या ग्रंथप्रकारात जागा नव्हती.

रक्त बाहेर काढण्याच्या या दीर्घ परंपरेचा ठसा मराठी भाषेवरही उमटला आहे. जळवा लावणे, तुंबडी लावणे, फासण्या मारणे हे लोकवैद्यकातील शब्दप्रयोग होत; त्यांपैकी तुंबडी पुढे स्वार्थी संचयाचे रूपक झाली आणि 'आपली तुंबडी भरणे' हा वाक्प्रचार रूढ झाला. उपचार विस्मरणात गेला तरी त्याची भाषा टिकते, याचे हे चांगले उदाहरण आहे.

दिशा उलटण्याला आधार मिळाला तो विल्यम हार्वे याने १६२८ मध्ये प्रसिद्ध केलेल्या रक्ताभिसरणाच्या सिद्धान्ताने. रक्त फिरत असेल, तर शिरेत एका ठिकाणी सोडलेले द्रव्य सर्वांगात पोहोचेल, हे अनुमान त्यातून सहज निघत होते. १६५६ मध्ये ऑक्सफर्ड येथे ख्रिस्तोफर रेन याने पिसाची नळी आणि प्राण्याचे मूत्राशय जोडून कुत्र्याच्या शिरेत मद्यमिश्रित अफू सोडली. १६६७ मध्ये पॅरिसला झां-बाप्तिस्त दनी याने ज्वराने क्षीण झालेल्या एका मुलाच्या शिरेत कोकराचे रक्त भरले. त्या मुलाच्या ज्वरावर उपाय म्हणून त्याआधी वीस वेळा त्याचेच रक्त काढले गेले होते. जुनी आणि नवी अशा दोन्ही दिशा एकाच देहावर आजमावल्या गेल्याचा हा बोलका प्रसंग आहे. पुढे दनीचा दुसरा एक रुग्ण दगावला, प्रकरण न्यायालयात गेले आणि १६६८ च्या निवाड्याने पॅरिसच्या वैद्यकपीठाच्या अनुमतीशिवाय असे प्रयोग करण्यास मनाई झाली.

त्याच वर्षी, म्हणजे नोव्हेंबर १६६७ मध्ये, लंडनच्या रॉयल सोसायटीपुढे आर्थर कोगा नावाच्या गृहस्थाच्या शिरेत मेंढीचे रक्त भरण्यात आले. त्याबद्दल त्याला वीस शिलिंग मिळाले. सॅम्युएल पेपिस याने आपल्या रोजनिशीत त्याचा उल्लेख केला असून त्याची बुद्धी किंचित ढळलेली असल्याचेही नोंदविले आहे. परंतु कोगाने आपल्यावरील प्रयोगाचा वृत्तान्त लॅटिनमध्ये स्वतः सादर केला होता. मेंढीचेच रक्त का, या प्रश्नाला त्याने ख्रिस्ताला कोकरू मानणाऱ्या धार्मिक प्रतीकाचा आधार घेत उत्तर दिले. या इतिहासात स्वतःच्या देहाविषयी स्वतः बोललेला असा रुग्ण विरळाच. हा अधिकार त्याला मिळाला तो विद्वानांची भाषा त्याला येत होती म्हणून. भ्रमिष्ट मानला गेला तरी तो लॅटिन जाणत होता. त्याचा शब्द टिकण्यामागील कारण हेच होय.

या पार्श्वभूमीवर १८३२ मधील घटना वाचली पाहिजे. बंगालमधून १८१७ च्या सुमारास पसरू लागलेली पटकी, जिची महाराष्ट्रात मरीआईचा कोप म्हणून शांत केली जाई, ती १८३१ मध्ये इंग्लंडच्या संडरलंड बंदरात पोहोचली. विल्यम ओशॉनेसी या तरुण आयरिश वैद्याने रुग्णांचे रक्त तपासून त्यातील पाणी व क्षार घटले असल्याचे दाखविले. त्या निष्कर्षाच्या आधारे एडिंबरोजवळच्या लीथ येथील टॉमस लाटा याने मे १८३२ मध्ये एका मरणोन्मुख वृद्धेच्या दंडातील शिरेत मीठ व सोडा मिसळलेले पाणी सोडले. 'लॅन्सेट' या नियतकालिकाला लिहिलेल्या पत्रात त्याने हा प्रसंग सविस्तर वर्णिला आहे. अर्ध्या तासात सहा पाइंट पाणी गेले. बुडालेली नाडी परतली. वृद्धेचा आवाज खणखणीत झाला, ती थट्टाही करू लागली आणि आता थोडी झोप मिळाली म्हणजे पुरे, असे तिला वाटू लागले. लाटा तिला रुग्णालयातील शल्यवैद्याच्या हवाली करून गेला. उलट्या-जुलाब पुन्हा सुरू झाले, परंतु पाणी पुन्हा सोडले गेले नाही, आणि साडेपाच तासांत ती मरण पावली.

या पत्राचा कथनदृष्ट्या विचार केल्यास दोन गोष्टी ठळकपणे दिसतात. उपचार यशस्वी झाल्याचा पुरावा म्हणून लाटा नाडीइतकेच महत्त्व वृद्धेच्या आवाजाला देतो; ती बोलू लागली, हेच तिच्या जिवंत होण्याचे चिन्ह. परंतु ती काय बोलली, कोणती थट्टा केली, हे पत्रात नाही. तिचे नावही नाही. कोगाचा लॅटिन वृत्तान्त एका बाजूला आणि या वृद्धेची निरूपित, शब्दहीन थट्टा दुसऱ्या बाजूला ठेवली म्हणजे वैद्यकीय कथनातील स्वराचे वाटप वर्ग, लिंग आणि भाषा यांनुसार कसे होते ते स्पष्ट होते. लाटा स्वतः १८३३ मध्ये वारला. साथ ओसरली आणि ही पद्धतही मागे पडली. ओशॉनेसी त्याच वर्षी कलकत्त्याला आला. त्याची कीर्ती झाली ती गांजाच्या औषधी गुणांवरील संशोधनामुळे आणि १८५० च्या दशकात त्याने उभारलेल्या तारायंत्रामुळे.

पुढील शतकभरात साधने बदलत गेली. डब्लिनच्या फ्रान्सिस रिंडने १८४४ मध्ये पोकळ सुई वापरली. १८५३ मध्ये एडिंबरोच्या अलेक्झांडर वूडने तिला पिचकारीची जोड दिली. कलकत्त्यात लिओनार्ड रॉजर्स याने १९०८ पासून पटकीच्या रुग्णांना तीव्र क्षारजल देऊन मृत्यूचे प्रमाण शेकडा साठांच्या आसपासवरून तिसांच्या घरात आणले. १९२३ मध्ये फ्लोरेन्स सायबर्ट हिने शिरेतून दिलेल्या द्रावणानंतर येणाऱ्या तापाचे मूळ ऊर्ध्वपातित पाण्यातील जंतुजन्य द्रव्यांत असल्याचे दाखविले. १९२४ मध्ये रुडॉल्फ मॅटस याने थेंबाथेंबाने अखंड द्रव देण्याची पद्धत मांडली. १९५० मध्ये अमेरिकेतील रॉचेस्टर येथे डेव्हिड मॅसा याने सुईवर बसविलेली प्लास्टिकची नळी वापरात आणली. शीर भेदून कुपीत रक्त दिसताच नळी पुढे सरकवायची आणि सुई मागे काढून घ्यायची, ही आजची रीत तिथूनच विकसित झाली. पोलादी सुई असताना हात फळीला बांधून ठेवावा लागे. मऊ नळीमुळे रुग्णाला हात हलविण्याची मोकळीक मिळाली.

याच काळात हे काम वैद्याच्या हातून परिचारिकेच्या हाती आले. १९४० मध्ये बोस्टनच्या मॅसॅच्युसेट्स जनरल हॉस्पिटलने एडा प्लमर हिची या कामासाठी खास नेमणूक केली. दंडावर पट्टी आवळणे, मूठ मिटायला सांगणे, बोटाने शीर चाचपणे या कृती ग्रंथापेक्षा हाताला हात लावून शिकविल्या जातात. त्यामुळे त्यांचे ज्ञान मोठ्या प्रमाणात मौखिक राहिले. सुश्रुताच्या माशाची उपमा देणारा ग्रंथकार आणि रात्रपाळीत 'शीर पळतेय' म्हणणारी परिचारिका एकाच अनुभवाविषयी बोलतात. फरक इतकाच की पहिल्याचे वाक्य श्लोक झाले आणि दुसरीचे कोणी लिहून ठेवले नाही.

१९७१ मध्ये या इतिहासाला पुन्हा बंगालमध्ये वळण मिळाले. पूर्व पाकिस्तानातून आलेल्या निर्वासितांच्या बनगाव येथील छावणीत पटकी पसरली आणि शिरेवाटे देण्याच्या द्रवाचा साठा संपत आला. फरशीवर दाटीने पडलेल्या रुग्णांना सलाईन लावण्यासाठी मलमूत्र व वांत्यांतच गुडघे टेकावे लागत, असे दिलीप महालनबीस यांनी नंतर सांगितले आहे. त्यांनी मीठ, खाण्याचा सोडा व ग्लुकोज यांच्या पुड्या करून ते पाणी नातेवाइकांकरवी पाजण्याची व्यवस्था केली. छावणीतील मृत्यूचे प्रमाण शेकडा तीसवरून ३.६ वर आले. अत्यवस्थ रुग्णांना शिरामार्ग अटळच होता. परंतु इतरांसाठी सुईची जागा आईच्या हातातील पेल्याने घेतली.

या वळणाची भाषिक परिणती तौलनिक दृष्टीने उद्बोधक आहे. 'सलाईन' म्हणजे मूळ अर्थाने खारे पाणी. मराठीत तो शब्द शिरेतून दिल्या जाणाऱ्या कोणत्याही द्रवाला, किंबहुना त्या उपचारालाच लागू झाला. ग्लुकोजची बाटलीही सलाईनच ठरली. पुढे वृत्तपत्रांनी त्याचे रूपक केले आणि डबघाईला आलेली संस्था 'सलाईनवर' गेली. तोंडाने घ्यायच्या द्रावणाला मराठीने 'जलसंजीवनी' हे वेगळे, पुराणकथेची आठवण देणारे नाव दिले. बांगलादेशातील बंगालीने मात्र 'सलाईन' हाच शब्द शिरेतून पेल्यात आणला आणि 'खाबार सलाईन', म्हणजे पिण्याचे सलाईन, घरोघरी रुजले. एका भाषेत शब्द रुग्णालयात राहिला, दुसरीत तो स्वयंपाकघरात गेला.

लाटाचे पत्र ज्या 'लॅन्सेट'ने छापले, त्याच नियतकालिकात १८० वर्षांनी, २०१२ मध्ये, ऑस्ट्रेलियातील एक चाचणी प्रसिद्ध झाली. शिरेतील नळी तीन-चार दिवसांनी ठरावीकपणे बदलावी की गरज भासेल तेव्हाच, हा तिचा विषय होता. ३,२८३ रुग्णांत दोन्ही पद्धतींत शिरादाहाचे प्रमाण शेकडा सातच आढळले. गरज ओळखण्याच्या खुणांत सूज व लाली यांबरोबर रुग्णाने सांगितलेली वेदनाही मोडते. नळी केव्हा काढावी हे ठरविण्यात घड्याळाची जागा अंशतः रुग्णाच्या शब्दाने घेतली, असा याचा अर्थ होतो. अर्थात तो शब्दही अहवालात पोहोचेपर्यंत आकडा झालेला असतो. लीथच्या वृद्धेची थट्टा पत्रात जशी केवळ सुधारणेची खूण म्हणून उरली, तशीच 'इथे दुखतंय' ही तक्रार आज तक्त्यातील एका रकान्यात उरते. हे रकाने मुळातले बोलणे गृहीत धरून वाचणे, हे वैद्यकाच्या इतिहासाइतकेच साहित्याच्या अभ्यासाचेही काम आहे.