कोठडीतली आई

जपानी सिनेमा म्हटला की आम्हाला कुरोसावा आठवतो, फार तर ओझू. तेइनोसुके किनुगासा यांचे नाव क्वचितच निघते. हे मूळचे नट, तेही स्त्रीपार्टी. 1926 साली त्यांनी 'कुरुत्ता इप्पेजी' म्हणजे 'वेडाचे एक पान' हा मूकपट काढला. पुढे नोबेल मिळवणारे यासुनारी कावाबाता यांचा तरुणपणी त्याच्या पटकथेला हात लागला होता.

पावसाळी रात्र, वेड्यांचे इस्पितळ. तिथला झाडूवाला पूर्वी खलाशी होता. बायकोला वाऱ्यावर सोडून दर्यावर हिंडला. तिचे मन ढळले आणि तान्हे लेकरू पाण्यात गेले. आता ती कोठडीत आहे, आणि तिच्याजवळ राहता यावे म्हणून त्याने ही चाकरी धरली आहे. मोठ्या मुलीचे लग्न ठरते, तसे बापाच्या काळजात धस्स होते: मुलाकडच्यांना आईचे कळले तर? हा प्रश्न आमच्या मोहल्ल्यांना नवा नाही. रिश्ता बघायला पाहुणे आले की घरातली अशी बाई मागच्या खोलीत का जाते, ते सांगायला नको.

एका रात्री तो तिला बाहेर काढू पाहतो. बाहेरचा अंधार पाहून ती मागे फिरते, पुन्हा कोठडीकडे. शेवटी तो दिवास्वप्नात साऱ्या रुग्णांना हसरे मुखवटे चढवतो. लोकांना हा प्रसंग थोर वाटतो. आम्हाला ती मागे फिरलेली बाई जास्त छळते.

त्या काळी जपानात वेड लागलेल्या माणसाचा भार घरच्यांवरच होता. 1900 च्या कायद्याने परवानगी काढून त्याला घरातच कोंडता येई. डॉ. शूझो कुरे यांनी अशा कोंडवाड्यांची पाहणी करून 1918 साली ती छापली. दुसऱ्याच वर्षी सरकारी इस्पितळांचा कायदा झाला, पण इस्पितळे थोडीच निघाली. घरची कोंडी कायद्याने बंद व्हायला 1950 साल उजाडले.

एक तक्रार मात्र आहे. पश्चात्ताप नवऱ्याचा, स्वप्नेही बहुतेक त्याचीच. बाईला काय वाटते ते आपण तिच्या चेहऱ्यावरून ताडायचे. चित्रपटात अक्षरपाट्या नाहीत. तेव्हा पडद्याशेजारी उभा राहून 'बेन्शी' कथा सांगे. पुढे चित्रपटच हरवला. 1971 साली किनुगासांना तो स्वतःच्याच कोठारात सापडला, तोही पुरता नाही. संगीत जोडून त्यांनी तो पुन्हा दाखवला, पण बेन्शीवाचून.