भूकंपानंतरचा दुसरा पाऊस

शाळेच्या दाखल्यावर माझा जन्मदिवस १ जून आहे. आमच्या वर्गातल्या निम्म्या पोरापोरींचा तोच होता. नाव घालायला आलेल्या आईबापाला तारीख सांगता आली नाही, की गुरुजी १ जून लिहून मोकळे होत. आज्जीला विचारलं तर ती म्हणायची, "तू व्हय? तू भूकंपानंतरच्या दुसऱ्या पावसातली. म्हाताऱ्या पावसात झालीस. गळतं म्हणून बाळंतिणीची खाट रातीतनं चारदा हलीवली." कोयनेचा भूकंप ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटेचा. म्हातारा पाऊस म्हणजे पुष्य नक्षत्राचा. तेव्हा मी १९६९ च्या जुलैअखेरची. आज्जीच्या हिशेबात चूक निघाल्याचं मला आठवत नाही.

आमचं गाव पाटणच्या बाजूला, आज्जीचं माहेर माणात. एकीकडे पावसाची झोड, दुसरीकडे आभाळाकडं बघत बसणं. त्यामुळं साल सांगताना ती दोन्हीकडच्या खुणा वापरायची. १९१८ च्या तापाच्या साथीला तिच्याकडं मानमोडी म्हणत. त्या साली ती पाळण्यात होती आणि तिला पाजणारी चुलती आठ दिवसांत गेली, असं ती सांगे. कधी चुलती म्हणायची, कधी मावशी. १९७२ चा दुष्काळ तिचे भाऊ खडी फोडत होते त्या सालचा. तेव्हा कामावर मिळणारी सुकडी मामाआजोबांनी फडक्यात बांधून माझ्यासाठी आणली होती. मी तीन वर्षांची. तिची गोड, पिठूळ चव जिभेवर अजून आहे, पण ती माझी आठवण आहे की आज्जीच्या सांगण्याची, ते मला आता वेगळं करता येत नाही.

अकरा-बारा वर्षांची असताना मी वहीच्या मागच्या पानांवर एक राज्य वसवलं होतं. राजा, किल्ले, उडणारी हरणं, सगळं होतं. त्याला स्वतःची कालगणनाही हवी म्हणून मी दहा महिने केले, प्रत्येकी छत्तीस दिवसांचे. नावं रत्नांची: माणिक, पाचू, नीलम. आखाड होता, आज्जी चुलीपुढं कापण्या तळत होती. मी सगळं वाचून दाखवलं. तिनं झारा कढईच्या काठावर टेकवला आणि विचारलं, "तुज्या राज्यात पाऊस कवा पडतो?"

"पडतच नाही. तिथं सदा वसंत असतो."

"मग लोकं खात्यात काय?"

त्या दिवशी माझ्या राज्याचं पंचांग नव्यानं लिहिलं गेलं. आज्जी सांगत गेली, मी लिहीत गेले. एक महिना पेरणीचा, एक भांगलणीचा. एक घरातलं दाणं सरतात तो, म्हणजे उसनवारीचा. एक लेकींना माहेरी आणायचा. "आन एक धोंड्याचा ठेव," ती म्हणाली, "नाहीतर महिनं सरकत जात्यात." चांद्रवर्ष सौरवर्षापेक्षा सुमारे अकरा दिवसांनी तोकडं, म्हणून साधारण बत्तीस-तेहतीस महिन्यांनी अधिक महिना धरावा लागतो, हे मला पुढं कळलं. तिला माहीत होतं ते एवढंच, की त्या महिन्यात जावयाला पुरणाचे धोंडे करून घालायचे.

खरं तर माझ्या उडत्या हरणांहून नवलाचं आमच्या घरातच होतं. मृगापासून पाऊस वाहनावर बसून येई. पुनर्वसूचा तरणा, पुष्याचा म्हातारा, आश्लेषाचा आसळका, मघांचा सासूंचा, पूर्वांचा सुनांचा. तात्या, म्हणजे माझे आजोबा, ओसरीवर पंचांग उघडून वाहन वाचत आणि बाया विचारत, "बेडूक हाय का म्हैस?" सूर्याच्या नक्षत्रापासून चंद्राच्या नक्षत्रापर्यंत मोजायचं, नवानं भागायचं. बाकी एक उरली तर घोडा, दोन कोल्हा, तीन बेडूक, पुढं मेंढा, मोर, उंदीर, म्हैस, गाढव, आणि शून्य उरलं तर हत्ती. बेडूक, म्हैस, हत्ती निघाले की घरात हसू पसरायचं. कोल्हा निघाला की तात्या पंचांग जरा जोरात मिटत.

तात्यांच्या पेटीत मोडीतला एक कागद होता. कुणी म्हणे इनामाचा, धाकटे चुलते म्हणत कर्जखताचा. त्यावरचं साल तात्या मंत्रासारखं म्हणत: सुहूर सन इसन्ने सबैन मया व अलफ. दोन, सत्तर, शंभर आणि हजार, म्हणजे ११७२, आपलं १७७१-७२. आकडे अरबी, लिहिणारे मराठी कारकून, आणि साल सुरू व्हायचं सूर्य मृगात गेला की. म्हणून त्याला मृगसालही म्हणत. महाराजांनी ६ जून १६७४ ला राज्याभिषेकाबरोबर नवा शक सुरू केला, हे सांगताना तात्यांचा आवाज जड व्हायचा. "राज्य आपलं, तर दिवसबी आपलं," ते म्हणत.

स्वतंत्र देशानंही तेच केलं. मेघनाद साहांच्या समितीनं सौर दिनदर्शिका आखून दिली आणि २२ मार्च १९५७ ला, १ चैत्र १८७९ म्हणून, ती सुरू झाली. नीटनेटकी, हिशेबाला सोपी. रेडिओवर ती तिथी लागली, की आज्जी तात्यांना विचारायची, "ह्या चैतात गुढी कुठाय?" पाडवा दरवर्षी सरकतो, तो चैत्र जागचा हलत नाही. सरकारी कागदावर तो आजही आहे, पण आमच्या स्वयंपाकघरात कधी आला नाही.

पुष्कळ वर्षांनी टोल्कीनच्या कादंबरीची परिशिष्टं वाचली. १९५५ च्या तिसऱ्या खंडात त्यानं हॉबिटांची पूर्ण कालगणना दिली आहे. तीस दिवसांचे बारा महिने, वर पाच दिवस कुठल्याच महिन्यात नसलेले, आणि वर्षाच्या मध्यावरच्या दिवसाला वारसुद्धा नाही. महिन्यांची नावं त्यानं इंग्लंडच्या जुन्या शेतकऱ्यांच्या महिन्यांवरून घेतली. एकाचं मूळ गाई दिवसातून तीनदा पिळत त्या महिन्यात, दुसऱ्याचं शेतात तण माजतं त्या महिन्यात. भांगलणीचा महिना! मी पुस्तक मिटलं आणि कितीतरी वेळ तशीच बसून राहिले. माझी वही घर बदलताना केव्हाच गेली होती.

आज्जीच्या मृत्यूच्या दाखल्यावर दिवस, महिना, साल, सगळं नीट आहे. घरात मात्र आम्ही अजून असंच सांगतो: आज्जी गेली ती सासूंच्या पावसात, आणि त्या साली वाहन म्हैस होतं.