भोपाळच्या बेगमांची मांड

भोपाळच्या बेगमांचा विषय निघाला की लोक ताजुल मसाजिदपासून सुरुवात करतात, नाहीतर मोठ्या तलावापासून. मी शाळेत इतिहास शिकवत होते तेव्हा पागेपासून सुरुवात करायचे. कारण 1819 ते 1926 या काळात, मधली काही वर्षं सोडली तर, या राज्यावर पाठोपाठ चार बायकांनी राज्य केलं, आणि त्यांच्यातली कोण किती मोकळी होती हे समजून घ्यायला घोड्याइतका चांगला साक्षीदार मला दुसरा सापडलेला नाही.

पहिली गोहर बेगम, म्हणजे कुदसिया. तिचा नवरा नवाब नजर मोहम्मद खान नोव्हेंबर 1819 मध्ये इस्लामनगरच्या वाड्यात पिस्तुलाची गोळी लागून गेला. गोळी सुटली ती कुदसियाच्या आठ वर्षांच्या भावाच्या, फौजदारच्या हातून. कुदसिया तेव्हा ऐन अठरा-एकोणीस वर्षांची, पदरात सव्वा वर्षाची मुलगी सिकंदर. भाऊबंद गादीवर डोळा ठेवून बसलेले. तिने मुलीच्या नावाने कारभार हाती घेतला आणि सगळ्यांकडून कबूल करून घेतला. हे मोठं धाडस होतं, पण अजून पडद्यातलं होतं. पडद्याआडून राज्य करायचं म्हणजे डोळे कारभाऱ्याचे, कान कारभाऱ्याचे आणि जीभही त्याचीच. गावाचा वसूल किती, फौजेचा पगार चुकता झाला का, अमुक गढीवाला खरंच आजारी आहे की बंडाच्या तयारीत आहे, हे सगळं दुसऱ्याच्या तोंडून ऐकायचं. त्या काळचं भोपाळ म्हणजे डोंगर, जंगल आणि काळ्या मातीच्या वाटा. पावसाळ्यात बैलगाडी रुतते तिथे घोडाच जातो. पालखी जाते, पण पालखीत बसलेली बाई काय पाहणार?

कुदसियाने 1832 च्या सुमाराला पडदा सोडला. तोंड उघडं करून ती दरबारात बसू लागली, आणि तिशी ओलांडल्यावर घोडा आणि हत्यार शिकली. मला या दोन गोष्टी एकच वाटतात. नुसता पडदा टाकला असता तर ती आपल्याच महालात चारचौघांना दिसणारी बाई झाली असती. घोड्यावर बसल्यामुळे ती महालाबाहेर गेली. आणि तिशीनंतर घोडा शिकणं सोपं नसतं. लहान मुलाला पडायची भीती नसते, मोठ्या माणसाचं अंग आखडतं. मांडीत जोर नसला तर घोड्याला ते पहिल्या दहा पावलांत कळतं.

इथे मला मराठी माणूस म्हणून थोडं थांबावं लागतं. कुदसिया लहान होती तेव्हा, 1812-13 मध्ये, भोपाळला जो वेढा पडला होता तो आपला होता. नागपूरकर भोसल्यांची फौज सादिक अलीच्या हाताखाली, शिंद्यांची जगू बापूच्या. कित्येक महिने शहर उपाशी होतं. वजीर मोहम्मद खानाने ते लढवलं, आणि तटावरून दगड टाकायला बायकाही उभ्या होत्या. भोपाळच्या जुन्या घरांतून या वेढ्याच्या आठवणी अजून सांगतात, आणि सांगणारा माझं आडनाव ऐकून क्षणभर थांबतो. मला त्याचं वाईट वाटत नाही. वर्गात मी तो वेढा भोपाळच्या बाजूनेच शिकवला, कारण उपाशी राहिलेल्यांची बाजू तीच होती.

पण त्याच शिंद्यांच्या घरात घोड्यावर बसलेल्या बायकांची जी नोंद मिळते, ती वाचून ऊर भरून येतो. बायजाबाई शिंदे, कागलकर घाटग्यांची लेक, दौलतराव शिंद्यांची विधवा. ग्वाल्हेरहून 1833 मध्ये तिला बाहेर पडावं लागलं आणि तिचा मुक्काम उत्तरेत फतेहगढला आला. तिथे 1835 मध्ये फॅनी पार्क्स नावाची इंग्रज बाई तिला भेटायला जाऊ लागली. फॅनी चांगली घोडेस्वार होती, पण बसायची ती मेमसाहेबांच्या पद्धतीने, दोन्ही पाय घोड्याच्या एकाच बाजूला. त्या खोगिराला पुढे एक शिंग असतं. उजवा पाय त्यावर अडकवायचा, डावा रिकिबीत. उजव्या बाजूने घोड्याला टाच मारता येत नाही, म्हणून त्या हातात चाबूक धरायचा. शरीराला पीळ पडतो. घोडा बिचकला तर पाय सोडवून घ्यायला वेळ मिळत नाही, आणि लांब घागरा खोगिरात अडकला तर बाई फरफटत जाते. बायजाबाईंच्या गोतावळ्यातल्या बायकांना ही वाकडी बैठक बघून हसू आवरेना. त्यांनी फॅनीला आपलं लुगडं नेसवलं, कासोटा घातला, मराठी खोगिराचा घोडा पुढे आणला आणि दोन बाजूंना दोन पाय टाकून बसवलं. ते तिला इतकं मानवलं की बायकांना एका बाजूला बसायला लावल्याबद्दल तिने आपल्या आठवणींत थेट एलिझाबेथ राणीला मूर्ख ठरवलं आहे.

नऊवारीचा कासोटा मी पूर्वी देवघराशी आणि मंगळागौरीशी जोडत असे. माझ्या आजेसासूबाई भोपाळात तेच नेसायच्या आणि सायकलीवर बसलेल्या मुलींकडे बघून म्हणायच्या, "अगं, आमच्या नेसण्यात काय कमी होतं? ढेंगा टाकायलाच तर केलंय ते." त्या कधी घोड्यावर बसल्या नव्हत्या, पण बोलल्या ते खरं होतं. नीट खोचलेल्या कासोट्यात मांडी आणि खोगीर यांच्यामध्ये कापडाची घडी येत नाही, घोट्याशी काही लोंबत नाही, आणि पदर कमरेला बांधला की दोन्ही हात लगामाला मोकळे. भोपाळच्या पठाण घराण्यात तेच काम तंग पायजम्याने केलं. म्हणजे ज्या बायकांना इंग्रज लेखक कोंडलेल्या म्हणून कळवळ्याने लिहीत होते, त्यांच्यातल्या काहींचे पाय त्यांच्या मेमसाहेबांपेक्षा मोकळे होते. माळव्यात आलेल्या माल्कम या इंग्रज अधिकाऱ्यालाही हे दिसलं होतं. मराठा सरदारांच्या घरातल्या बायका घोड्यावर तरबेज असतात असं त्याने लिहून ठेवलं आहे, आणि यशवंतराव होळकरांची लेक भीमाबाई तर भाला घेऊन घोड्यावर बसायची.

सिकंदर बेगमला हे सगळं लहानपणापासून मिळालं. आईने तिशीनंतर कमावलेलं मुलीच्या हाडात मुरलं. घोडा, तलवार, भाला, बंदूक, शिकार. तिचं लग्न 1835 मध्ये चुलत घराण्यातल्या जहांगीर मोहम्मद खानाशी झालं, ज्याच्या नावाने भोपाळातलं आजचं जहांगीराबाद आहे. तो संसार सुखाचा नव्हता. ती गरोदर असताना त्याने तिच्यावर तलवार चालवली. ती वाचली, आईबरोबर इस्लामनगरला जाऊन राहिली, आणि 1838 मध्ये तिथेच शाहजहान बेगम जन्मली. या गावाचं नाव 2023 पासून जगदीशपूर झालं आहे. भोपाळहून बेरासियाच्या रस्त्याने गेलं की वाडा आणि तट अजून उभे आहेत. मुलींना घेऊन मी तिथे जात असे तेव्हा आधी राणीमहाल दाखवत नसे, दरवाजातून शहराकडे जाणारी वाट दाखवत असे. जखम भरेपर्यंत सिकंदरने त्या वाटेकडे किती वेळा बघितलं असेल!

जहांगीर 1844 मध्ये वारला. 1847 पासून सिकंदर आपल्या मुलीच्या नावाने एकटी राज्य बघू लागली, आणि खोगिराचा खरा उपयोग तिने दाखवला. जवळजवळ 6,900 चौरस मैलांचा मुलूख तिने स्वतः फिरून पाहिला. तोवर वसूल इजाऱ्याने दिला जायचा: इजारदार सरकारात ठरलेली रक्कम भरणार आणि रयतेकडून हवं तेवढं काढणार. तिने इजारा बंद केला आणि थेट गावच्या मुखियाशी बोली केली. धंद्यांतले मक्ते मोडले, टांकसाळ आपल्या ताब्यात घेतली, पोलिसांची नवी व्यवस्था लावली, आणि सहा वर्षांत राज्याचं सगळं कर्ज फेडलं. ही यादी पुस्तकात कोरडी वाटते. पण ज्या बाईने गाव पाहिलंच नाही ती गावाशी थेट बोली कशी करेल? शेत कुठे संपतं आणि जंगल कुठे सुरू होतं हे इजारदाराने सांगायचं आणि तिने मान हलवायची, हा प्रकार ती शिवारात घोडा घेऊन उभी राहिली तिथे संपला.

जेम्स वॉटरहाउस नावाच्या इंग्रज लष्करी अधिकाऱ्याने 1862 मध्ये भोपाळात तिचे फोटो काढले. ते पाहताना माझं लक्ष तिच्या बसण्याकडे जातं. पाठ ताठ, खांदे सैल, नजर सरळ कॅमेऱ्यात. पाच वर्षांनी आलेला फ्रेंच प्रवासी लुई रूसले तिचा तंग पायजमा, भरजरी अंगरखा आणि कमरेची कट्यार पाहून चक्रावला होता. ही बाई आहे हे त्याला पटायलाच वेळ लागला.

आणि तरीही 1857 पाशी येऊन मला दरवेळी त्रास होतो. सिहोरच्या छावणीत भोपाळची पलटण उठली, तिथे 'सिपाही बहादूर' सरकार उभं राहिलं. सिकंदर इंग्रजांच्या बाजूने राहिली. तिच्याच कुळातला अंबापानीचा फाजिल मोहम्मद खान राहतगढला फासावर गेला. जानेवारी 1858 मध्ये सर ह्यू रोजने सिहोरला पकडलेल्या शिपायांना गोळ्या घातल्या आणि तीच फौज घेऊन तो पुढे झाशीवर गेला. तिथे मोरोपंत तांब्यांची लेक होती. तिच्या अश्वपरीक्षेची वाखाणणी गोडसे भटजींनी केली आहे. किल्ला पडल्यावर ती घोड्यावरून काल्पीला गेली आणि जूनमध्ये ग्वाल्हेरपाशी स्वाराच्या वेशात लढता लढता पडली. दोघीही घोड्याच्या पाठीवर वाढलेल्या, दोघींच्या वयात दहा-बारा वर्षांचं अंतर, दोघींनाही आपली गादी वाचवायची होती. एकीला इंग्रजांनी दत्तक नाकारला होता, दुसरीला गादी त्यांच्याशी केलेल्या तहावर टिकवायची होती. सिकंदरला 1860 मध्ये बेरासियाचा परगणा बक्षीस मिळाला, तो धारच्या पवारांकडून काढून घेतलेला. मी सिकंदरला देशद्रोही म्हणत नाही, आणि वर्गात कुणी म्हटलं तर थांबवत असे. पण सिहोरच्या त्या शिपायांची नावंही मी तिच्या कर्जफेडीइतकीच महत्त्वाची मानते. घोड्यावर बसता येणं म्हणजे स्वातंत्र्य, असं सोपं समीकरण भोपाळ मांडू देत नाही.

तिच्यामागे 1868 मध्ये शाहजहान बेगम गादीवर आली. आईने तिला पडद्याशिवाय वाढवलं होतं, वॉटरहाउसच्या फोटोंत तीही आहे. 1871 मध्ये सिद्दीक हसन खानाशी दुसरं लग्न झाल्यावर ती पडद्यात गेली. तिने इमारती पुष्कळ बांधल्या.

तिची मुलगी सुलतान जहान मात्र आजीजवळ, सिकंदरजवळ वाढली. आजीने नातीच्या दिवसाची आखणी करून दिली होती, ती सुलतान जहानने आपल्या आत्मचरित्रात छापली आहे: कुराण, हस्ताक्षर, इंग्रजी, फारसी, गणित, पश्तो, तलवारबाजी आणि घोडेस्वारी. हे सगळं दहाच्या आतल्या मुलीसाठी. इतकं शिकलेली ही मुलगी 1901 मध्ये गादीवर आली आणि राज्यभर फिरली, पण बुरख्यात. 1911 मध्ये पंचम जॉर्जच्या राज्याभिषेकाला लंडनला गेली तीही बुरख्यात, आणि पडद्याच्या बाजूने तिने पुस्तकही लिहिलं. मुलींची शाळा काढली, अलीगढ विद्यापीठाची पहिली कुलपती झाली. पडदा तिने सोडला तो आयुष्याच्या अगदी शेवटी. तिची नात आबिदा सुलतान वाढली याच बुरख्यातल्या आजीच्या हाताखाली, आणि आजीने तिला घोड्यावर बसवलं. भोपाळकर या आजीला सरकार अम्मा म्हणत. मला वाटतं, सिकंदरने आखून दिलेला दिवस ती नातीकडे पोचवत होती, स्वतः जगू शकली नाही तरी.

आबिदा 1913 ची. पोलो, हॉकी, शिकार, पुढे विमान चालवण्याचा परवाना, 1949 मध्ये स्क्वॉशची अखिल भारतीय विजेती. तिचा नूर-उस-सबाह महाल आता हॉटेल आहे. मुलाचा ताबा मागणाऱ्या नवऱ्याकडे, कुरवाईला, 1935 मध्ये ती रात्री स्वतः गाडी हाकत गेली आणि भरलेलं पिस्तूल त्याच्यापुढे टाकून म्हणाली की मला मार, नाहीतर मी तुला मारीन. शंभर वर्षांपूर्वी तिच्या खापरपणजीने, सिकंदरने, नवऱ्याची तलवार अंगावर झेलली होती. आबिदा 1950 मध्ये पाकिस्तानात गेली आणि 2002 मध्ये कराचीत वारली.

ऑलिंपिकमध्ये बायकांना घोडेस्वारीत पहिल्यांदा उतरू दिलं ते 1952 मध्ये, हेलसिंकीला, आणि तेही फक्त ड्रेसाजमध्ये. पोलिओने पाय अधू झालेल्या डेन्मार्कच्या लिस हार्टेलने तिथे पुरुषांच्या बरोबरीने उतरून रुपेरी पदक घेतलं. भोपाळात तलावाच्या पलीकडे बिशनखेडीला राज्य सरकारची घोडेस्वारी अकादमी 2007 पासून चालू आहे. 2023 च्या हांगझोऊ आशियाई स्पर्धेत भारताला ड्रेसाजचं सांघिक सुवर्ण मिळालं, घोडेस्वारीतलं 41 वर्षांनंतरचं पहिलं. चौघांच्या त्या संघात दोन मुली होत्या, त्यांतली सुदीप्ती हजेला होळकरांच्या इंदूरची. त्या आठवड्यात माझ्या जुन्या विद्यार्थिनींचे फोन आले. एकीने विचारलं, "मॅडम, अकादमीत आता किती वयापर्यंत घेतात?" तिला मी कुदसियाचं वय सांगितलं.