सोळा गोलांचा सुतार

एक प्रश्न विचारतो, गूगल न करता उत्तर द्यायचं. फुटबॉलच्या वर्ल्ड कपमध्ये सगळ्यात जास्त गोल कोणी केले?

पेले? नाही, त्याचे १२. मॅराडोना? फक्त ८. मेस्सीने २०२२ मध्ये कतारला कप उचलला तेव्हा त्याचे १३ झाले होते. ब्राझीलचा (दात पुढे असलेला, थोरला) रोनाल्डो म्हणालात तर अगदी जवळ आलात, त्याचे १५. पण कतारची स्पर्धा संपली तेव्हाही यादीत सगळ्यात वर नाव होतं जर्मनीच्या मिरोस्लाव क्लोजेचं. १६ गोल, चार वर्ल्ड कपमध्ये मिळून.

कोण? असं वाटलं असेल तर त्यात नवल नाही. भिंतीवर क्लोजेचं पोस्टर लावलेला एकही मुलगा मी तरी पाहिलेला नाही. आणि म्हणूनच आजचा लेख त्याच्यावर.

क्लोजेचा जन्म ९ जून १९७८ चा, पोलंडमधल्या ओपोले गावचा. हा सायलेशियाचा भाग. १९४५ पर्यंत जर्मनीत होता, महायुद्धानंतर पोलंडकडे गेला. सरहद्द सरकली, पण तिथली काही जर्मन वंशाची घरं जागेवरच राहिली. क्लोजेचं घर त्यातलंच. वडील व्यावसायिक फुटबॉलपटू, फ्रान्सच्या ऑझेर क्लबकडून खेळलेले. आई पोलंडच्या राष्ट्रीय हँडबॉल संघातली. थोडक्यात, घरात खेळ होता, हे आधीच सांगून टाकतो. नाहीतर पुढची गोष्ट उगाच सिनेमासारखी वाटेल.

जर्मन वंशाच्या लोकांना तेव्हा पश्चिम जर्मनीत येऊन नागरिकत्व मिळवता यायचं. ८०च्या दशकाच्या मध्यावर हे कुटुंब पश्चिमेकडच्या कुझेल नावाच्या छोट्या गावात येऊन राहिलं. मिरोस्लाव तेव्हा आठेक वर्षांचा, जर्मन भाषा जवळजवळ शून्य. शाळेत काही कळत नाही, मैदानात मात्र बोलावं लागत नाही. पुढचं तुम्ही समजू शकता.

पण पुढे लगेच काही झालं नाही, आणि इथेच ही गोष्ट वेगळी होते. युरोपात बारा-तेराव्या वर्षीच मोठ्या क्लबांच्या अकादम्या पोरं उचलतात. अठराव्या वर्षापर्यंत कोण पुढे जाणार ते बहुतेक ठरलेलं असतं. आपल्याकडे कॅम्पस इंटरव्ह्यूच्या वेळी 'डे वन'ला कोणाला ऑफर मिळाली यावर पुढची चार वर्षं ठरल्यासारखी वाटतात ना, तसंच. क्लोजेला कोणीच उचललं नाही. त्याने रीतसर सुतारकामाचं शिक्षण घेतलं, दिवसा ते काम केलं आणि ब्लाउबाख-डीडेलकोफ नावाच्या गावच्या संघाकडून खेळत राहिला. हा संघ जर्मन फुटबॉलच्या सातव्या पायरीवर होता. क्लोजे तेव्हा वीस वर्षांचा.

१९९८ मध्ये तो होम्बुर्गला गेला आणि १९९९ मध्ये कैझरस्लाउटर्नच्या राखीव संघात. एप्रिल २००० मध्ये तो बुंडेसलिगात, म्हणजे जर्मनीच्या सर्वोच्च लीगमध्ये, पहिल्यांदा उतरला. आणि मार्च २००१ मध्ये थेट जर्मनीच्या राष्ट्रीय संघात! सातव्या पायरीपासून इथपर्यंत तीन वर्षंसुद्धा लागली नाहीत.

यात नशिबाचा भागही आहे. युरो २००० मध्ये जर्मनीची अक्षरशः लाज गेली होती. तीन मॅचमध्ये एकच गोल आणि गटात सगळ्यात शेवटी. नवीन कोच रुडी फोलर (स्वतः एके काळचा मोठा स्ट्रायकर) गोल करणारा माणूस शोधत होता. दुसरीकडे पोलंडचे कोचही क्लोजेला बोलवत होते. त्याने जर्मनी निवडलं. अल्बेनियाविरुद्ध पहिल्याच मॅचमध्ये बदली खेळाडू म्हणून आला आणि शेवटच्या काही मिनिटांत जिंकून देणारा गोल केला.

२००२ च्या वर्ल्ड कपमध्ये सौदी अरेबियाला जर्मनीने ८-० हरवलं, त्यात क्लोजेचे तीन. त्या स्पर्धेत त्याने एकूण पाच गोल केले, पाचही डोक्याने. फायनलमध्ये समोर ब्राझील आणि रोनाल्डो. रोनाल्डोने दोन गोल मारून कप नेला. हे नाव लक्षात ठेवा, पुढे परत येणार आहे.

आता थोडी आकडेमोड, इंजिनिअर माणसाला त्याशिवाय चैन पडत नाही :-) क्लोजेने जर्मनीसाठी १३७ मॅचमध्ये ७१ गोल केले. त्याआधीचा विक्रम गेर्ड म्युलरचा होता, ६२ मॅचमध्ये ६८. वर्ल्ड कपचं बघा: म्युलर १३ मॅचमध्ये १४, रोनाल्डो १९ मॅचमध्ये १५, क्लोजे २४ मॅचमध्ये १६. सरासरी काढली तर या तिघांत क्लोजे शेवटचा. म्युलर त्याच्यापेक्षा श्रेष्ठ होता यात वादच नाही.

मग क्लोजेचं काय? तो टिकला. आणि दर वेळी तिथे हजर होता. त्याचे १६ च्या १६ गोल पेनल्टी बॉक्सच्या आतले आहेत. लांबून मारलेली तोफ नाही, सहा जणांना चकवून मारलेला गोल नाही. बॉल कुठे पडणार हे ओळखून अर्धा सेकंद आधी तिथे पोचायचं, एवढंच. दिसायला सोपं वाटतं, पण करणारे कितीजण आहेत?

बरं, मधला काळ काही सुखाचा नव्हता. २००५-०६ मध्ये वेर्डर ब्रेमेनकडून २५ गोल करून तो बुंडेसलिगात पहिला आला आणि २००६ च्या वर्ल्ड कपमध्येही पाच गोलांसह सर्वात पुढे राहिला. पण त्याच स्पर्धेत रोनाल्डोने पंधरावा गोल करून म्युलरचा विक्रम मोडला, तोही जर्मनीतच. पुढे बायर्न म्युनिकमध्ये क्लोजे हळूहळू बाकावर गेला. २००९-१० च्या अख्ख्या लीग मोसमात त्याचे गोल फक्त तीन. त्याला संघात कशाला घेता, असं लोक विचारत होते. त्याच उन्हाळ्यात दक्षिण आफ्रिकेत त्याने चार गोल केले, त्यातले दोन अर्जेंटिनाविरुद्ध, आपल्या शंभराव्या आंतरराष्ट्रीय मॅचमध्ये. एकूण १४. तिसऱ्या क्रमांकाच्या मॅचमध्ये तो खेळू शकला नाही आणि रोनाल्डोपासून एक गोल मागे राहिला. वय ३२. सगळ्यांना वाटलं, संपलं.

२०११ मध्ये तो इटलीत लाझिओकडे गेला. तिथली एक घटना मला १६ गोलांपेक्षा मोठी वाटते. सप्टेंबर २०१२, नेपल्समध्ये नापोलीविरुद्ध मॅच, ०-० असताना क्लोजेचा गोल झाला आणि रेफ्रीने तो दिलाही. पण बॉल हाताला लागून गेला होता. क्लोजेने स्वतःच रेफ्रीला तसं सांगितलं. गोल रद्द. नापोलीचे खेळाडू येऊन त्याला हात मिळवून गेले... आणि मग त्यांनी मॅच ३-० ने जिंकली! शहर कोणतं बघा. ज्या मॅराडोनाने १९८६ मध्ये हाताने गोल करून त्याला 'देवाचा हात' म्हटलं, त्याला देव मानणारं हे शहर. पुढे त्या स्टेडियमला त्याचंच नाव दिलं गेलं. क्लोजेने हे पहिल्यांदा केलं नव्हतं. २००५ मध्येही ब्रेमेनकडून खेळताना त्याला मिळालेली पेनल्टी चुकीची आहे, असं त्यानेच रेफ्रीला सांगितलं होतं.

मग २०१४, ब्राझील. घानाविरुद्ध जर्मनी १-२ ने मागे. क्लोजे बदली म्हणून आला आणि दोन मिनिटांत गोल, पंधरावा. आनंदात नेहमीची कोलांटी मारली आणि उतरताना तोल गेला. ३६ वर्षांचे पाय ते! ८ जुलैला बेलो होरिझोंतेमध्ये सेमीफायनल, समोर ब्राझील. २३ व्या मिनिटाला त्याचा पहिला फटका गोलकीपरने अडवला, बॉल परत त्याच्याकडेच आला, आणि सोळावा. स्टेडियममध्ये कॉमेंट्रीसाठी कोण बसला होता? रोनाल्डो. ती मॅच ७-१ ने संपली आणि त्या धुमाळीत विक्रमाकडे फारसं कोणाचं लक्षही गेलं नाही. हेही क्लोजेला साजेसंच.

फायनलमध्ये अर्जेंटिनाविरुद्ध ०-० असताना ८८ व्या मिनिटाला त्याला बाहेर बोलावलं गेलं. त्याच्या जागी आला २२ वर्षांचा मारिओ ग्योट्झे, आणि जादा वेळेत कप जिंकून देणारा गोल त्याने केला. क्लोजेने नंतर राष्ट्रीय संघाची आणि २०१६ मध्ये फुटबॉलचीच रजा घेतली, मग मुख्य कोच म्हणून सुरुवात केली, परत अगदी खालून, बायर्नच्या १७ वर्षांखालच्या पोरांपासून.

आपल्या फील्डमध्ये पंचविशीत 'लीड' झाला नाहीस तर गाडी चुकली, असं बोलायची पद्धत आहे. क्लोजेची गोष्ट वाचून कोणी उद्यापासून वर्ल्ड कप जिंकणार नाही, हे मलाही कळतं. त्याच्या घरात खेळ होता, वेळ जुळून आली, फोलरला गरज होती. पण ही वेळ जुळून आली तेव्हा तो गावच्या मैदानावर का होईना, खेळत होता. नुसता सुतार होऊन घरी बसला असता तर कोणालाच त्याची चूक वाटली नसती.

विक्रम आज ना उद्या मोडतातच, म्युलरचा मोडला, रोनाल्डोचा मोडला. नेपल्समधला तो रद्द झालेला गोल मात्र कुठल्याच यादीत नाही, त्यामुळे तो मोडायचाही प्रश्न नाही.