झाशीची राणी आणि एक पारशी निर्माता

झाशीच्या जुन्या गावातून छावणीच्या सदर बाजारात यावे, तो एका शहरातून दुसऱ्या शहरात आल्याचा भास होतो. परकोटाच्या आतली झाशी नेवाळकरांची. छावणीच्या आश्रयाने वाढलेला हा बाजार इंग्रजी अमलाचा. या दोहोंमध्ये १८५८ साल उभे आहे. त्या वर्षीच्या ३ एप्रिलला ह्यू रोजच्या फौजेने तट ओलांडला. वरसईचे गोडसे भटजी तेव्हा शहरातच होते. ‘माझा प्रवास’ वाचताना ती तोफांची धग आजही अंगाला लागते.

ही कथा रंगीत चित्रपटात आणण्याचा ध्यास घेतला तो मुंबईच्या सोराब मोदींनी. १८९७ साली जन्मलेल्या मोदींनी तरुणपणी भावाबरोबर ग्वाल्हेरात फिरता सिनेमा दाखविला होता. राणी पडली तेही ग्वाल्हेरासच. योगायोग खरा, त्यावरून काही सिद्ध होत नाही, पण मनातून तो जातही नाही. पुढे पारशी रंगभूमीवर शेक्सपिअर गाजवून त्यांनी १९३५ मध्ये हॅम्लेटच ‘खून का खून’ म्हणून पडद्यावर आणला. १९३६ साली मिनर्व्हा मूव्हीटोन स्थापन झाली. ‘पुकार’ (१९३९) आणि ‘सिकंदर’ (१९४१) यांनी ऐतिहासिक बोलपटात मोदींचे नाव सर्वतोमुखी केले.

‘झाँसी की रानी’ १९५३ मध्ये झळकला. गंगाधररावांच्या निधनाला त्याच वर्षी शंभर वर्षे होत होती. टेक्निकलरसाठी ‘गॉन विथ द विंड’चे छायाचित्रकार अर्नेस्ट हॅलर आणविले, राणीची भूमिका पत्नी मेहताब यांना दिली, राजगुरूची स्वतः घेतली. खर्च अफाट झाला आणि चित्र कोसळले. दोष रंगांचा नव्हता. तरुण राणीच्या जागी प्रौढ नटी प्रेक्षकांना पटेना, आणि नाटकी घनगंभीर संवादांचा काळही सरत आला होता. गोडसे भटजींची राणी घोड्यावर रपेट करते, कसरत करते, पराभवाच्या क्षणी खचतेही. माझ्या मते पडद्यावरच्या राणीला तशी खचण्याची मुभाच नव्हती. ती अखेरपर्यंत पुतळाच राहिली.

मोदी मात्र खचले नाहीत. पुढच्याच वर्षी त्यांनी ‘मिर्झा गालिब’ काढला. त्यात मोठी लढाई नव्हती. सुरैयाचा स्वर होता आणि कवीचे दारिद्र्य होते. १९५४ चे राष्ट्रपतींचे सुवर्णपदक त्याच चित्राला मिळाले. गालिबही सत्तावनच्या दिल्लीचा साक्षीदारच. परंतु मोदींनी तो भाग चित्रपटात घेतला नाही.