नळीवरच्या आकड्याची कुळकथा

ब्रिटिश सैन्याच्या सेवेतून बाहेर पडून खासगी विक्रीला आलेल्या कित्येक ली-एन्फील्ड रायफलींच्या नळीवर, काडतूस जिथे बसते त्या चेंबरच्या आसपास, बारीक अक्षरांत एक ओळ ठोकलेली सापडते: .३०३, मग २.२२२ इंच, मग १८.५ टन प्रति चौरस इंच. सोबत ज्या चाचणीघरात नळी तपासली गेली त्याचे चिन्ह. यातला पहिला आकडा आपल्याकडे लहान पोरालाही ठाऊक. पोलिसाच्या खांद्यावरची ‘थ्री नॉट थ्री’ पाहतच दोन-तीन पिढ्या मोठ्या झाल्या. दुसरा आकडा काडतुसाच्या पितळी नळकांड्याची लांबी सांगतो आणि तिसरा दारू पेटल्यावर आत किती दाब धरून चालायचे ते. लोक पहिल्या आकड्यावरून काडतूस मागतात, पहिल्यावरूनच विकतात आणि पुष्कळदा पहिला जुळला की निर्धास्त होतात. बार उडवणाऱ्याच्या डोळ्यांचे नि बोटांचे भवितव्य मात्र उरलेल्या दोन आकड्यांवर ठरते. असे का झाले, हे कळायला या पहिल्या आकड्याचे कूळ शोधावे लागते.

ठासणीच्या बंदुकीच्या काळात नळीचे माप शिशाने मोजत. एक पौंड शिशाच्या सारख्या बारा गोळ्या पाडल्या, तर त्यातली एक ज्या नळीत बरोबर बसेल ती बारा बोरची. व्यास सुमारे १८.५ मिलिमीटर. वीस गोळ्या पाडल्या तर वीस बोरची, म्हणजे अर्थातच अरुंद. आकडा वाढला की नळी बारीक होते हा उफराटा हिशेब तिथूनच आला आणि छऱ्याच्या बंदुकीत तो आजही टिकून आहे. त्या काळी या आकड्याने भागत असे, कारण बाकीचे सगळे वापरणाऱ्याच्या हातात होते. गोळ्या पाडायचा साचा बंदुकीबरोबरच मिळे, दारू तो स्वतः मापून ओती, गोळी स्वतः ठासे. चूक झाली तर त्याचीच, आणि चुका होतही असत. अमेरिकी यादवी युद्धात १८६३ साली गेटिसबर्गच्या रणांगणावरून गोळा केलेल्या सुमारे २७ हजार बंदुकांपैकी हजारो बंदुकांत एकावर एक दोन किंवा अधिक बार ठासलेले निघाले, असे त्या वेळच्या नोंदी सांगतात. पण निदान नळीत काय गेले हे जाणून घ्यायची सोय तरी माणसाला होती.

१८६० च्या दशकात पितळी काडतूस रुळले आणि ही सोय संपली. गोळी, दारू आणि पेट देणारी टोपी या तिन्ही गोष्टी कारखान्याने एकाच नळकांड्यात बंद केल्या. दारू किती आहे, कसली आहे, जलद जळणारी की संथ, हे बाहेरून कळेना. पुढे दोन दशकांत धुराची काळी दारू मागे पडून बिनधुराची आली, आणि त्याच आकाराच्या नळकांड्यात पूर्वीपेक्षा कितीतरी अधिक दाब भरता येऊ लागला. काडतुसाच्या बुडावर अक्षरे ठोकायची रीत याच गरजेतून वाढली असे मला वाटते. कारखाना, वर्ष आणि प्रकार एवढे तरी वापरणाऱ्याला वाचता यावे. खडकीचा दारूगोळा कारखाना १८६९ चा, म्हणजे या बदलाच्या ऐन भरातला. तिथल्या .३०३ काडतुसाचे बूड उजेडात धरले तर टोपीभोवती इंग्रजी ‘के’ आणि ‘एफ’ ही अक्षरे, वर्षाचे दोन अंक आणि सात हा आकडा, कधी रोमन तर कधी साधा, एवढाच मजकूर दिसतो.

त्या सातात बरेच काही दडले आहे. .३०३ हे नाव १८८८ च्या ली-मेटफर्ड रायफलीबरोबर आले तेव्हा आत काळी दारू होती. १८९१ नंतर कॉर्डाइट ही बिनधुराची दारू आली. तिच्या उष्णतेने मेटफर्डच्या नळीतल्या, गोळीला गिरकी देणाऱ्या उथळ आट्या इतक्या लवकर झिजल्या की १८९५ मध्ये आट्यांची घडणच बदलावी लागली. १९१० मध्ये सातवी आवृत्ती आली: २१५ ग्रेन वजनाच्या बोथट गोळीच्या जागी १७४ ग्रेनची टोकदार गोळी, आणि तिच्यासाठी रायफलींच्या नेमाच्या पट्ट्याही नव्याने आखाव्या लागल्या. पुढची आठवी आवृत्ती व्हिकर्स मशीनगनसाठी काढली, रायफलीसाठी नव्हे. एवढ्या सगळ्या उलाढालीत नाव तेच राहिले. बरे, हे .३०३ तरी कशाचे माप? नळीतल्या आट्यांच्या उंचवट्यांमधले अंतर. प्रत्यक्ष गोळीचा व्यास .३११ इंच असतो. आकडा मुळात माप म्हणून जन्मला खरा, पण आडनावासारखा वापरला जाऊ लागला. आणि आडनाव सारखे असले म्हणून माणसे एका घरातली ठरत नाहीत.

याचा सर्वांत बोलका पुरावा जर्मनीतला आहे. १८८८ च्या जर्मन लष्करी रायफलीसाठी जे आठ मिलिमीटरचे काडतूस बनले, त्यातली गोळी सुमारे ८.०७ मिलिमीटर व्यासाची होती. नळ्या लवकर झिजतात असे दिसल्यावर आट्या अधिक खोल करण्यात आल्या, आणि १९०५ च्या सुमारास त्या खोल आट्यांना भरून काढणारी ८.२२ मिलिमीटरची, हलकी आणि टोकदार अशी नवी गोळी आली. नळकांड्याची लांबी तीच, ५७ मिलिमीटर. नव्या गोळीचे काडतूस बहुतेक जुन्या रायफलींतही सहज बसे. फरक दीड दशांश मिलिमीटरचा, तोही नळकांड्याच्या तोंडात अर्धवट झाकलेल्या गोळीवर. नुसत्या डोळ्यांना तो दिसणे शक्यच नाही. पण अरुंद नळीत जाड गोळी घुसली की ती दाबून बारीक करायचे काम दारूच्या वायूला करावे लागते. गोळी अडली, मागे दाब वाढला, आणि तो नव्या, जोरकस दारूचा दाब. म्हणून ज्या जुन्या रायफली नव्या गोळीसाठी दुरुस्त केल्या त्यांच्यावर ‘एस’ हे अक्षर ठोकण्यात आले. एका अक्षराएवढी ही खूण, आणि तिचे वजन मात्र आजही जाणवते. अमेरिकेतल्या दारूगोळा उत्पादकांच्या संघटनेने, ‘सामी’ने, या काडतुसाची दाबमर्यादा ३५,००० पीएसआय (पौंड प्रति चौरस इंच) ठेवली आहे, तर युरोपच्या मानकात ती ‘बार’ या दाबाच्या एककात ३,९००, म्हणजे छप्पन हजार पीएसआयच्या वर. कुणाच्या माळ्यावर जुन्या नळीची रायफल पडलेली असेल तर, या भीतीने अमेरिकी काडतूस मुद्दाम नरम भरले जाते. शंभर वर्षांपूर्वीच्या नावातला घोळ आजच्या काडतुसातली दारू ठरवतो आहे.

आपल्या देशातले उदाहरणही याच जातीचे आहे. खासगी परवानाधारकाच्या हाती लष्करी .३०३ पडू नये या धोरणामुळे इथे .३१५ बोर रुळला. आठ मिलिमीटरचे इंचात रूपांतर केले की .३१५ येते, मूळ काडतूस ऑस्ट्रियाच्या मानलिखर रायफलीचे, ५० मिलिमीटर लांबीचे आणि बुडाला कड असलेले. जर्मनांचे ५७ मिलिमीटरचे काडतूसही आठचेच म्हणवते आणि फ्रेंचांचे लेबेलही. गणित तिघांचे सारखे, काडतुसे तीन, आणि एकाचे दुसऱ्याच्या रायफलीत काम नाही. .४१० चा प्रकार याहून मजेदार. इच्छापूरच्या कारखान्यात .३०३ रायफलींच्या नळ्या रुंद करून पोलीस आणि पहारेकऱ्यांसाठी .४१० मस्केटी तयार झाल्या; त्यांचे काडतूस .३०३ च्याच नळकांड्याची मान न आवळता केलेले. बाजारातले .४१० छऱ्याचे काडतूस हे निराळेच. भारतीय शस्त्र नियमांनी मात्र हा गुंता बरोबर ओळखलेला दिसतो. बंदी असलेल्या बोरची व्याख्या करताना .३०३ आणि ७.६२ हे आकडे देऊन ते थांबत नाहीत. लष्करी काडतूस ज्या कुठल्या बोरच्या रायफलीत बसेल आणि उडेल, तीही त्यात धरली आहे. कायद्याच्या रुक्ष भाषेत क्वचितच इतकी व्यवहारी समज आढळते.

मग भरवसा कशावर ठेवायचा? युरोपच्या कारागिरांनी याचे उत्तर काडतुसाच्या कितीतरी आधी शोधले होते: विकणाऱ्याच्या शब्दावर नव्हे, तिऱ्हाईताने घेतलेल्या परीक्षेवर. लंडनच्या बंदूकगारांच्या संघाला १६३७ मध्ये सनद मिळाली, लिएजला १६७२ मध्ये चाचणीची सक्ती झाली, बर्मिंगहॅमचे चाचणीघर १८१३ मध्ये पार्लमेंटच्या कायद्याने उभे राहिले. नेहमीपेक्षा जास्त जोराचा बार मुद्दाम उडवायचा आणि नळी टिकली तर शिक्का मारायचा, अशी पद्धत. पण बिनधुराच्या दारूनंतर नुसती ‘टिकली’ एवढी नोंद पुरेना. कोणत्या काडतुसाला आणि किती दाबाला टिकली, हेही लिहावे लागले. २.२२२ इंच आणि १८.५ टन हे आकडे अशा रीतीने .३०३ च्या पंक्तीला येऊन बसले. १९१४ पासून युरोपीय देशांनी आपल्या चाचण्या एकमेकांशी जुळवायला घेतल्या. मेट्रिक पद्धतीने लिहिलेल्या काडतुसाच्या नावात आज दुसरा आकडा लांबीचा असतो तो या शिस्तीला धरूनच. ७.६२ बाय ३९, ७.६२ बाय ५१ आणि ७.६२ बाय ५४ ही तीन वेगळी काडतुसे आहेत. नुसते ‘सात बासष्ट’ म्हटल्याने त्यातले एकही कळत नाही.

यावर पहिला आक्षेप ठरलेला असतो: बसले आणि बोल्ट बंद झाला, म्हणजे योग्यच की. तसे नाही, आणि याला दोन उदाहरणे पुरेत. वीस बोरचे काडतूस बारा बोरच्या चेंबरमधून पुढे घसरून नळीत अडकते, आणि त्याच्या मागे बारा बोरचे आणखी एक बिनदिक्कत भरता येते. अमेरिकी कारखाने वीस बोरला पिवळा रंग देतात तो याच कारणासाठी. दुसरे, .३०० ब्लॅकआउट हे काडतूस ५.५६ मिलिमीटरच्या रायफलीच्याच मॅगझिनमध्ये आणि बोल्टमध्ये चालेल अशा बेताने आखलेले; गोळीच्या काही आकारांत ते ५.५६ च्या रायफलीत बसून बोल्ट बंदही होतो. मग ७.८ मिलिमीटरची गोळी ५.७ च्या नळीत जायला निघते आणि रायफल फुटते.

दुसरा आक्षेप अधिक जाणकारांचा. चाचणीचा बार नेहमीच्या कमाल दाबापेक्षा युरोपीय नियमानुसार २५ टक्के अधिक असतो, तेव्हा थोडे इकडेतिकडे चालून जाते. शिवाय कित्येक जोड्या वर्षानुवर्षे बिनबोभाट चालल्या आहेत. यात तथ्य आहे. जवळपास सारख्याच आकाराच्या .३०८ विंचेस्टर आणि नाटोचे ७.६२ बाय ५१ यांच्या दाबांत जी दरी कागदावर दिसते, तिचा मोठा भाग मोजण्याच्या पद्धतीतला आहे: एक आकडा तांब्याचा तुकडा किती चेपला यावरून काढलेला, दुसरा विद्युत उपकरणाने, आणि दोन्हींना लोक पीएसआयच म्हणत आले. पण २५ टक्क्यांची ती जागा झिजलेली नळी, तापलेले काडतूस आणि धातूतला दोष यांच्यासाठी राखलेली असते. चुकीच्या काडतुसाने ती आधीच खाल्ली तर यांना काय उरले? आणि जिथे अदलाबदल खरोखर चालते तिथे ती बहुधा एकेरी असते. .२२३ चे काडतूस ५.५६ च्या चेंबरमध्ये चालते. उलट दिशेने चालेल असे कारखाने म्हणत नाहीत, कारण .२२३ च्या चेंबरमध्ये गोळीला आट्यांपूर्वी मिळणारी मोकळी जागा कमी असते. इच्छापूरने १९६२ च्या युद्धानंतर ली-एन्फील्डचीच घडण नाटोच्या ७.६२ साठी वापरायचे ठरवले, तेव्हाही असल्या राखीव जागेवर विसंबून नुसती नळी बदलून काम भागवले नाही, पोलादही बदलले.

उरतो तो शिक्क्यावरचाच संशय. नळीवर लिहिलेले कायम खरेच असेल कशावरून? जुन्या रायफली हातोहात फिरतात. कुणी चेंबर पुन्हा कोरून घेतो, कुणी नळी बदलतो, आणि जुनी अक्षरे तशीच राहून जातात. ही शंका रास्त आहे, आणि तिचे उत्तर अनुभवी बंदूक-कारागीर देतो. रिकाम्या चेंबरमध्ये तो कमी तापमानाला वितळणारा मिश्रधातू ओततो, थिजल्यावर ठसा बाहेर काढतो, आणि बुडाचा व्यास, खांद्याची उंची, मानेची लांबी नि आट्यांची खोली कॅलिपरने मोजून मानकाच्या तक्त्याशी ताडून पाहतो. ठशावरून आकार समजतो, पोलादाची ताकद समजत नाही. म्हणून ज्यांचा कायदा चाचणीची सक्ती करतो अशा देशांत, ब्रिटनमध्येही, नळीत असा मोठा फेरफार झालेली रायफल विक्रीपूर्वी पुन्हा चाचणीघरात जाते आणि तिच्यावर नवा शिक्का पडतो.